घरचे मैदान, घरची माणसे

आपल्याकडे विद्यापीठाच्या संघातून खेळायचे म्हणजे बहुधा गाडीत बसून परगावी जायचे. आंतरविद्यापीठ स्पर्धा कुठल्या तरी एका गावी भरते. ठिकठिकाणचे संघ सामानसुमान घेऊन तिथे जमतात, चार-सहा दिवसांत सामने उरकतात आणि जिंकलेला संघ ढाल घेऊन परततो. मग कॉलेजच्या फलकावर खडूने अभिनंदन लिहिले जाते. प्राचार्य दोन शब्द बोलतात, फोटो निघतो. पण ती मुले किंवा मुली खेळल्या कशा, हे त्यांच्याच वर्गात शेजारच्या बाकावर बसणाऱ्यांनी पाहिलेले नसते. खेळ दूर कुठेतरी झाला; आपल्या वाट्याला आली ती नुसती बातमी.

अमेरिकेतील विद्यापीठांनी ही व्यवस्था अगदी उलटी लावली आहे. तिथे वर्षभर सामने चालतात आणि त्यांतले निम्म्याच्या आसपास आपल्याच मैदानावर, आपल्याच माणसांसमोर होतात. त्याला ते ‘घरचा सामना’ म्हणतात. आपल्या घरी कोण पाहुणा येणार, कोणाचा खेळ मोठ्या मैदानावर होणार, कोणाचा मागच्या हिरवळीवर, याचे एक वेळापत्रक असते. वरवर पाहता ते नुसते तारखांचे कोष्टक वाटते. मला मात्र ते एखाद्या घराच्या जमाखर्चाच्या वहीसारखे वाटते. वही उघडली की घरात कोणाचे कोडकौतुक होते आणि कोणाला हात आखडून दिले जाते, ते चटकन कळते.

अशी एक वही आज आपण उघडून पाहू. विद्यापीठ आयोवाचे आणि हंगाम २०२३-२४ चा.

आयोवा हे अमेरिकेच्या मध्यभागातले शेतकऱ्यांचे राज्य. मैलोगणती मक्याची आणि सोयाबीनची शेते, मधूनमधून डुकरांचे गोठे आणि लहान लहान गावे. न्यूयॉर्क-शिकागोसारख्या शहरांना असतात तसे व्यवसायी खेळाडूंचे बडे संघ या राज्याला नाहीत. त्यामुळे लोकांचा सारा जीव विद्यापीठांच्या संघांत. आयोवा विद्यापीठ १८४७ साली स्थापन झाले. ते ज्या आयोवा सिटी गावात आहे त्याची वस्ती २०२० च्या शिरगणतीत पाऊण लाखाच्या आत भरली. आणि तिथल्या किनिक स्टेडियमची बैठक आहे ६९ हजारांवर! म्हणजे गावातली जवळजवळ सगळी माणसे, तान्ह्या बाळांसकट, एकाच वेळी मैदानात मावतील. अर्थात सामन्याच्या दिवशी येतात ती साऱ्या राज्यातून. पहाटेच मोटारी काढून, शिदोरी बांधून. आपल्याकडे जत्रेला जातात ना, अगदी तसे.

स्टेडियमला नाव आहे ते नाइल किनिक या विद्यार्थ्याचे. १९३९ साली देशातला सर्वोत्कृष्ट महाविद्यालयीन फुटबॉलपटू म्हणून त्याला हाइझमन पारितोषिक मिळाले. पुढे तो नौदलात वैमानिक झाला आणि जून १९४३ मध्ये एका सरावाच्या उड्डाणात मरण पावला. १९२९ पासून वापरात असलेल्या मैदानाला १९७२ मध्ये त्याचे नाव दिले गेले.

आता हे फुटबॉल म्हणजे आपले फुटबॉल नव्हे बरं का. लंबगोल चेंडू हातात घेऊन पळायचे, पुढे फेकायचा, आणि समोरच्याने अंगावर झेप घेऊन पाडायचे, असा तो दांडगा खेळ. २०२३ च्या हंगामात आयोवाच्या वेळापत्रकात असे बारा सामने होते आणि त्यांतले सात घरी. बारातले सात कसे, असे कोणी विचारील. त्यात थोडा हिशेब आहे. आयोवा ‘बिग टेन’ नावाच्या साखळीत खेळते. नाव दहाचे असले तरी त्या वर्षी साखळीत चौदा विद्यापीठे होती आणि २०२४ पासून अठरा आहेत. साखळीतले नऊ सामने ठरलेले. एका वर्षी पाच घरी तर पुढल्या वर्षी चार, अशी पाळी असते. त्या वर्षी आयोवाला पाचाची पाळी आली होती. उरलेले तीन साखळीबाहेरचे. त्यांपैकी शेजारच्या आयोवा स्टेट विद्यापीठाशी एक वर्ष इकडे, एक वर्ष तिकडे असा करार आहे. त्या वर्षी तिकडे जायचे होते. बाकीच्या दोघांना घरी बोलावले. मोठी विद्यापीठे अशा वेळी पुष्कळदा तुलनेने लहान संघाला ठरावीक रक्कम देऊन पाचारण करतात आणि परतीचा सामना मागत नाहीत. पाहुण्याला बिदागी मिळते, यजमानाला तिकिटांचे उत्पन्न आणि बहुतेक वेळा विजयही.

मैदानाच्या या सात दिवसांवर आणि दूरचित्रवाणीच्या हक्कांतून मिळणाऱ्या पैशावर बाकीचे कितीतरी खेळ जगतात. आयोवाचे खेळ वीसच्या वर आहेत. शरद ऋतूत फुटबॉलबरोबर व्हॉलीबॉल, मुलींचे सॉकर आणि हॉकी. हिवाळ्यात छपराखाली बास्केटबॉल, कुस्ती, पोहणे, जिम्नॅस्टिक्स. वसंतात बेसबॉल, सॉफ्टबॉल, टेनिस, धावण्याच्या शर्यती. यांतले बहुतेक स्वतःच्या तिकिटांवर तगणारे नाहीत. एकत्र कुटुंबात एक कर्ता भाऊ मिळवतो आणि बाकीची भावंडे शिकतात, तसाच हा संसार आहे.

पण कर्त्याची मिळकत बुडाली की पहिली काटछाट कोणाच्या ताटात होते? २०२० साली महासाथीमुळे हे दिसून आले. फुटबॉलचा हंगाम लांबला, प्रेक्षकांवर बंदी आली, उत्पन्नाचा अंदाज कोसळला. त्या ऑगस्टमध्ये विद्यापीठाने चार संघ बंद करण्याचे जाहीर केले: पुरुषांचे जलतरण, टेनिस आणि जिम्नॅस्टिक्स, आणि स्त्रियांचे जलतरण. पोहणाऱ्या मुली मात्र गप्प बसल्या नाहीत. त्या न्यायालयात गेल्या. त्यांच्या हाती १९७२ चा एक कायदा होता. त्याचे पुढे काय झाले ते सांगतोच. पण त्याआधी त्या गर्दीची थोडी ओळख करून घेऊ, कारण घरचा सामना म्हणजे शेवटी गर्दीच.

गर्दीचे खोडसाळ रूप पाहायचे असेल तर किनिक स्टेडियममधली पाहुण्या संघाची खोली पाहावी. ती सगळी गुलाबी रंगवलेली आहे. १९७९ ते १९९८ पर्यंत प्रशिक्षक असलेले हेडन फ्राय मानसशास्त्र शिकलेले होते. या रंगाने प्रतिस्पर्ध्याचा जोर ओसरतो, अशी त्यांची समजूत. खरेखोटे कोण जाणे, पण पाहुणा त्या रंगाकडे बघून चिडला तरी यजमानाचे काम झालेच!

गर्दीचा राग कसा असतो, याचीही एक गोष्ट तिथे सांगतात. १९३४ साली मिनेसोटा विद्यापीठाचा संघ आयोवा सिटीत खेळायला आला. आयोवाकडून ऑझी सिमन्स हा कृष्णवर्णी खेळाडू खेळत होता. त्या काळी अशा संघांत कृष्णवर्णी खेळाडू विरळाच. सिमन्सला मैदानात इतके बदडले गेले की त्याला सामना सोडून बाहेर यावे लागले. पुढच्या वर्षी मिनेसोटा पुन्हा येणार म्हणताच लोक खवळले, आणि पंचांनी असे पुन्हा चालू दिले तर प्रेक्षक चालू देणार नाहीत, अशा अर्थाचे उद्गार खुद्द आयोवाच्या गव्हर्नरांनी काढले. तेव्हा मिनेसोटाचे गव्हर्नर फ्लॉइड ओल्सन यांनी तार करून पैज लावली: जो हरेल त्याने एक चांगले पोसलेले डुक्कर द्यायचे. लोक हसले, वातावरण निवळले, सामना शांततेत पार पडला. मिनेसोटा जिंकले आणि आयोवाच्या गव्हर्नरांनी खरोखरच एक डुक्कर नेऊन दिले. पुढे त्या डुकराची काशाची मूर्ती झाली. ‘फ्लॉइड ऑफ रोझडेल’ या नावाने आजही ती मूर्ती या दोन विद्यापीठांत जिंकणाऱ्याकडे जाते. २०२३ मध्ये आयोवाने ती घरच्या मैदानावर १२ विरुद्ध १० अशी गमावली. घरचे मैदान धीर देते. विजय पदरात टाकत नाही.

आणि गर्दीची माया? स्टेडियमला लागूनच विद्यापीठाचे मुलांचे रुग्णालय आहे. २०१७ मध्ये त्याची नवी उंच इमारत उघडली. वरच्या मजल्यांच्या खिडक्यांतून मैदान दिसते. सामन्याचा पहिला चतुर्थांश संपला की सारे प्रेक्षक, खेळाडू आणि पंचसुद्धा मैदानाकडे पाठ करून उभे राहतात आणि त्या खिडक्यांकडे पाहून हात हलवतात. वर आजारी मुले आणि त्यांचे आईबाप काचेशी उभे असतात. ही कल्पना कोणा समितीची नव्हे. खेळाच्या एका साध्या चाहत्याने ती सुचवली आणि पहिल्याच सामन्यापासून रूढ झाली. एवढी माणसे एकत्र आली की नुसती ओरडतातच असे नाही, हे त्या मिनिटभरात दिसते.

आता त्या कायद्याकडे वळू. १९७२ साली अमेरिकेत शिक्षणविषयक कायद्यात एक कलम आले. केंद्र सरकारचा पैसा घेणाऱ्या कोणत्याही शिक्षणक्रमात स्त्री-पुरुष म्हणून भेद करता येणार नाही, एवढाच त्याचा मथितार्थ. त्या मूळ वाक्यात खेळ हा शब्दही नाही. पण विद्यापीठाचे खेळ हा शिक्षणाचाच भाग, तेव्हा तिथेही मुलींना वाटा मिळाला पाहिजे, हे ओघाने आले. ओघाने आले म्हणजे आपोआप आले, असे मात्र नाही. त्यासाठी माणसे झटली. आयोवात ते काम क्रिस्टीन ग्रँट यांनी केले. स्कॉटलंडमध्ये जन्मलेल्या, हॉकीची आवड असलेल्या या बाई १९७३ ते २००० अशी सत्तावीस वर्षे आयोवाच्या स्त्रियांच्या क्रीडा विभागाच्या प्रमुख होत्या. हो, तेव्हा तिथे स्त्रियांचा विभागच वेगळा होता. हॉकीचे मैदान आज त्यांच्या नावाने ओळखले जाते. तिकडे हॉकी म्हटले की लोकांना बर्फावरची आठवते. आपल्या ध्यानचंदांची हॉकी तिथल्या विद्यापीठांत प्रामुख्याने मुलींचा खेळ. आयोवाच्या मुलींनी १९८६ मध्ये त्यात राष्ट्रीय विजेतेपद मिळवले.

बास्केटबॉलची मुळे तर त्याहून जुनी. आयोवाच्या शाळांत मुलींचे बास्केटबॉल शंभर वर्षांहून अधिक काळ चालत आले आहे. १९९३ पर्यंत तिथल्या मुली सहा-सहांचा एक निराळाच प्रकार खेळत. तीन मुली फक्त चढाई करणार, तीन फक्त बचाव, आणि मधली रेषा कोणी ओलांडायची नाही. मुलींना फार दमवू नये, या जुन्या समजुतीतून तो नियम आला होता. पण खेडोपाडी त्या सामन्यांना तुडुंब गर्दी होई. मुलीचा सामना पाहायला जावे, यात त्या राज्यातल्या शेतकऱ्याला वावगे असे कधी वाटलेच नाही. घरच्या सामन्याची सवय तिथे अशी पिढ्यान्‌पिढ्या मुरलेली आहे.

म्हणूनच ३ फेब्रुवारी १९८५ चा दिवस तिथे उगवू शकला. सी. व्हिव्हियन स्ट्रिंगर तेव्हा मुलींच्या संघाच्या प्रशिक्षक होत्या. ओहायो स्टेटशी सामना होता. कार्व्हर-हॉकआय हे टेकडीच्या कुशीत खोदून बांधलेले क्रीडागृह दोनच वर्षांपूर्वी उघडले होते. त्यात जागा साधारण पंधरा हजारांची, आणि त्या दिवशी आली २२,१५७ माणसे! पायऱ्या, वाटा, मोकळे कोपरे, सगळे भरून गेले. मुलींचा खेळ पाहायला कोण येणार, असे म्हणणाऱ्यांना ग्रँटबाईंनी दिलेले हे उत्तर होते.

आता २०२३-२४ चे पान पाहा. १५ ऑक्टोबर २०२३ रोजी मुलींचा बास्केटबॉलचा एक सराव सामना चक्क किनिक स्टेडियममध्ये, उघड्या आकाशाखाली ठेवला गेला. शिकागोचे डीपॉल विद्यापीठ पाहुणे होते. ५५,६४६ लोक आले. स्त्रियांच्या बास्केटबॉलला इतके प्रेक्षक त्यापूर्वी कुठेही जमले नव्हते. त्या संघात केटलिन क्लार्क होती. ती आयोवाचीच, डे मॉइन शहराजवळच्या गावातली. खऱ्या अर्थाने घरची मुलगी. त्या हंगामात कार्व्हर-हॉकआयमधल्या मुलींच्या सगळ्या सामन्यांची तिकिटे हंगाम सुरू होण्याआधीच संपली. १५ फेब्रुवारी २०२४ रोजी मिशिगनविरुद्ध ४९ गुण करताना तिने स्त्रियांचा गुणांचा राष्ट्रीय विक्रम मोडला. ३ मार्चला, पुन्हा घरीच, पीट मॅराविचचा १९७० पासूनचा ३,६६७ गुणांचा पुरुषांचा विक्रमही मागे पडला.

इथे एक गोष्ट विसरता कामा नये. कॅन्सस विद्यापीठाच्या लिनेट वुडर्ड हिने १९८१ पर्यंत ३,६४९ गुण केले होते. पण त्या वेळी राष्ट्रीय क्रीडासंघटना स्त्रियांच्या स्पर्धा घेतच नव्हती. त्या वेगळ्या संस्थेकडे होत्या. त्यामुळे वुडर्डचे गुण अधिकृत विक्रमांच्या यादीत धरलेच गेले नाहीत. क्लार्कच्या निमित्ताने ते नाव पुन्हा लोकांच्या तोंडी आले. वहीत नोंद नाही म्हणजे व्यवहार झालाच नाही, असे थोडेच असते?

घरच्या मैदानाची किंमत मार्चमध्ये आणखी कळते. स्त्रियांच्या राष्ट्रीय स्पर्धेत पहिल्या सोळा मानांकित संघांना सुरुवातीच्या दोन फेऱ्या आपापल्या घरी खेळायला मिळतात. आयोवाने कार्व्हर-हॉकआयमध्ये होली क्रॉसला हरवले आणि मग वेस्ट व्हर्जिनियाला ६४ विरुद्ध ५४ असे अटीतटीने. क्लार्कचा तो घरचा शेवटचा सामना. पुढे ७ एप्रिलला क्लीव्हलंड येथे अंतिम सामन्यात साउथ कॅरोलिनाने आयोवाला ८७ विरुद्ध ७५ असे हरवले. पण तो सामना दूरचित्रवाणीवर पाहणाऱ्यांची संख्या त्या वर्षीच्या पुरुषांच्या अंतिम सामन्यापेक्षा अधिक होती. असे पूर्वी कधी घडले नव्हते.

आणि त्या पोहणाऱ्या मुलींचे काय झाले? न्यायालयाने त्यांच्या बाजूने तात्पुरता मनाई हुकूम दिला. फेब्रुवारी २०२१ मध्ये स्त्रियांचा जलतरण संघ परत सुरू झाला. एवढेच नव्हे, त्या दाव्याच्या ओघात विद्यापीठाने स्त्रियांचा कुस्ती संघही काढला. कुस्ती म्हणजे आयोवाचे दैवतच. डॅन गेबल यांनी १९७२ च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये एकही गुण न गमावता सुवर्णपदक मिळवले आणि पुढे प्रशिक्षक म्हणून आयोवाला पंधरा राष्ट्रीय विजेतेपदे मिळवून दिली. त्याच आखाड्यात २०२३-२४ मध्ये मुली उतरल्या. पहिल्याच घरच्या लढतींना आठ हजारांवर माणसे आली, आणि मार्चमध्ये, पहिल्याच हंगामात, त्या राष्ट्रीय विजेत्या ठरल्या. पुरुषांचे टेनिस, जिम्नॅस्टिक्स आणि जलतरण मात्र परत आले नाही. त्या मुलांचे घरचे सामने वेळापत्रकातून कायमचे गेले, हेही त्याच वहीत लिहिलेले आहे.

पुढची चिंता तीच आहे. जून २०२५ मध्ये न्यायालयाने मंजूर केलेल्या एका तडजोडीमुळे अमेरिकन विद्यापीठांना आता खेळाडूंना थेट पैसे देता येतात. पहिल्या वर्षी एका विद्यापीठाला सुमारे २ कोटी ५ लाख डॉलरपर्यंत. ज्यांच्या घामावर स्टेडियम भरते त्यांना वाटा मिळावा, हे न्यायाचेच. पण ही रक्कम बहुतांशी फुटबॉल आणि पुरुषांच्या बास्केटबॉलकडे वळेल, असे दिसते. मग टेनिसच्या, हॉकीच्या, पोहण्याच्या ताटात काय उरणार? पैसा आणणाऱ्यालाच घर म्हणायचे, की घरातल्या सगळ्यांना घर म्हणायचे, हा प्रश्न आता त्या विद्यापीठांपुढे आहे.

तुम्ही म्हणाल, आपल्याला यातून काय घ्यायचे? सत्तर हजारांचे स्टेडियम नको आणि डुकराची पैजही नको. पण एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. प्रेक्षक नाहीत म्हणून सामने ठेवत नाही, असे आपण म्हणतो. आयोवाची वही सांगते की आधी सामना ठेवावा लागतो, तोही घरी, ठरल्या दिवशी, वर्षानुवर्षे. मग प्रेक्षक तयार होतात. १९८५ ची गर्दी एका दिवसात जमली नाही आणि २०२३ ची तर नाहीच नाही. आपल्या कॉलेजच्या मुलींचा खो-खोचा संघ शेजारच्या तालुक्यातल्या कॉलेजाशी आपल्याच पटांगणावर संध्याकाळी पाच वाजता खेळणार आहे, असे फलकावर आधी लिहिले तर काय बिघडेल? पहिल्या वेळी वीस जण येतील. त्यांत एखादीची आई असेल, एखादीचा धाकटा भाऊ असेल. पाठीवर थाप पडेल ती ओळखीच्या हाताची. ढाल आल्यावर फलकावर अभिनंदन लिहायचे ते लिहूच. पण सामन्याची वेळ आधी लिहिली, तर ती वाचून कोणीतरी पटांगणावर येईल.